लाल झगा, डाळिंबी साडी

प्रिय मनू,
अनेक आशीर्वाद.

'ऑल दॅट हेवन अलाउज' अर्ध्यातच बंद केलास म्हणे. "विधवा बाई, देखणा माळी, गावभर कुजबुज, पुढचं कळलंच!" 1955 चा सिनेमा, रडका आहेच. शेवटी खिडकीशी हरीण येतं, ते मलाही जरा अतीच वाटलं. पण तू थांबलीस तिथून पुढे तर खरी गोष्ट आहे.

गावातल्या बायका त्या विधवेला, कॅरीला, नावं ठेवतात, ते सोड. त्या ठेवणारच. दिग्दर्शक डग्लस सर्कने खरा घाव घातलाय तो पोरांच्या हातून. ती लाल झगा घालून क्लबात निघते, तर मुलगा गळ्यावरून टोकतो. मुलगी, के, फ्रॉइड वाचणारी. आईला ऐटीत सांगते, इजिप्तमध्ये पूर्वी विधवेला नवऱ्याच्या थडग्यात चिणायचे, आता नाही होत तसं. आई म्हणते, नाही होत? इजिप्तमध्ये नसेल. आणि हीच के पुढे रडत घरी येते, की तुझ्यामुळे मला टोमणे ऐकावे लागतात. कॅरी लग्न मोडते. मग नाताळात कळतं, के लग्न करून चाललीय, मुलगा परदेशी निघालाय, घर विकायचंय. आणि आईला सोबत म्हणून काय, तर टीव्ही! त्याच्या काचेत कॅरी झालेल्या जेन वायमनचा चेहरा दिसायला लागला आणि मी उठून ओट्यापाशी गेले.

आजोबा गेले तेव्हा आजी 41 ची होती. माझ्या साखरपुड्याला ती डाळिंबी रेशमी साडी नेसून आरशासमोर निऱ्या सारख्या करत होती. मी बी.ए.ला समाजशास्त्र घेतलेली, बायकांची, विधवांची बाजू मांडणाऱ्या ताराबाई शिंद्यांच्या 'स्त्री-पुरुष तुलना'वर निबंध लिहून शाबासकी मिळवलेली. दारातूनच म्हणाले, "आई, हीच नेसणारेस? सासरची माणसं येतायत गं."

ती काही बोलली नाही. आत गेली आणि मोतिया रंगाची नेसून आली. अल्बममध्ये तीच आहे. तुला फार आवडतो ना तो फोटो?

परवा धीर करून विचारलं, ती डाळिंबी कुठंय गं? "बोहारणीला दिली, त्याच वर्षी. तीन पातेली आली," म्हणाली, आणि शेंगा निवडत बसली.

त्यातलं एक आपल्याकडे आहे. तू आलीस की ज्यात मॅगी करतेस ते.

तुझी,
आई