अहमदनगरच्या नावावर सहा गोळ्या

पुणे,
रविवार, रात्र

प्रिय दिलीप,

सप्रेम नमस्कार. फोन करणार होतो, पण हे बोलून होण्यासारखं नाही, म्हणून लिहायलाच बसलो.

काल मुक्तानं घरी ‘रुस्तम’ लावला. तुला आठवतच असेल, २०१६ च्या ऑगस्टमध्ये तू कामासाठी पुण्याला आला होतास तेव्हा आपण तो थिएटरात पाहिला होता. ज्यूरीनं निर्दोष ठरवल्यावर अख्खं थिएटर टाळ्या वाजवत होतं. मीही वाजवल्या. तू हाताची घडी घालून बसला होतास. बाहेर चहा पिताना एवढंच म्हणालास, “मेलेल्याच्या बाजूनं कुणी बोललंच नाही रे.” तू वकील, तुला सवयच आहे, म्हणून मी ते सोडून दिलं होतं.

काल सिनेमा संपल्यावर मुक्ता म्हणाली, “बाबा, हे नानावटी खटल्यावरनं घेतलंय ना? मग तो खरंच असा सुटला?” मी म्हटलं, ज्यूरीनं सोडलं, पण पुढे हायकोर्टानं जन्मठेप दिली आणि सुप्रीम कोर्टानं ती कायम केली. मग तिनं मोबाइलवर सुप्रीम कोर्टाचा निकालच काढून दिला, २४ नोव्हेंबर १९६१ चा. ती जेवायला उठली, मी वाचतच राहिलो. दोन वाजले.

आणि त्यात मला तुझं गाव भेटलं, दिल्या!

तारीख २७ एप्रिल १९५९. दुपारच्या जेवणानंतर सिल्व्हियानं नवऱ्याला, नौदलातल्या कमांडर नानावटीला, प्रेम आहुजाशी असलेल्या आपल्या संबंधांबद्दल सांगितलं. त्यानंतर तो बायकोला, आपल्या दोन मुलांना आणि शेजारच्या एका मुलाला गाडीत घालून सिनेमाला सोडायला गेला. सहा वाजता शो सुटला की न्यायला येतो, असं सांगून निघाला. तिथून गेला आपल्या जहाजावर. तिथे त्यानं सांगितलं, रात्री एकट्यानं गाडी चालवत अहमदनगरला जायचंय, रिव्हॉल्व्हर आणि सहा गोळ्या हव्यात. रात्रीचा रस्ता, एकटा माणूस, त्यातून नौदलाचा अधिकारी. कुणाला शंका येणार? हत्यार मिळालं. ते त्यानं तपकिरी पाकिटात घातलं, आहुजाच्या ऑफिसात गेला, तो तिथे नाही म्हणताच त्याच्या फ्लॅटवर गेला. स्वतःला गोळी घालायची होती, असं त्याचं म्हणणं. मला ते सगळंच खोटं वाटत नाही, त्याच्या पोटात त्या दिवशी काय कालवलं असेल ते तोच जाणे. पण कोर्टानं घड्याळाकडे बोट दाखवलं. घर सोडलं दीडला, आहुजा मेला चार वीसला. एवढ्या वेळात माणूस भानावर येऊ शकतो, तेव्हा गंभीर आणि अचानक प्रक्षोभाचा, म्हणजे संतापाच्या भरात हातून घडलं असा, बचाव टिकत नाही. मी हे मुक्ताला वाचून दाखवलं तर ती घड्याळापाशी थांबलीच नाही. म्हणाली, “बाबा, ती मुलं सहा वाजता वाट बघत उभी राहिली असतील.”

सिनेमानं या जवळजवळ तीन तासांचं ओझं प्रेक्षकांवर पडूच दिलं नाही, हे माझं दुखणं आहे. त्यात संरक्षण खरेदीतला भ्रष्टाचार आणला. समोरचा देशाचा गुन्हेगार ठरला की गोळी आपोआप देशभक्तीची होते. आणि निर्दोष म्हणताच गोष्ट आटोपते. खऱ्या खटल्यात तर खरं नाट्य तिथून पुढे आहे. ज्यूरीनं आठ विरुद्ध एक असा कौल दिला, तो सत्र न्यायाधीश मेहतांनी स्वीकारला नाही, प्रकरण हायकोर्टाकडे पाठवलं. बाहेर सगळं शहर नानावटीच्या बाजूनं, ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकाचा पंचवीस पैशांचा अंक दोन रुपयांना विकला जात होता, लोक ‘आहुजा टॉवेल’ विकत घेत होते. अशा वेळी खुर्चीत बसून हा कौल चुकीचा आहे म्हणणाऱ्या माणसावर सिनेमा निघायला हवा होता.

त्या टॉवेलचंच बघ ना. आहुजा नुकताच आंघोळ करून आलेला. बचाव असा की झटापट झाली, झटापटीत गोळ्या सुटल्या. तीन गोळ्या. आणि कमरेचा टॉवेल जागच्या जागी. हे वाचल्यावर मी पानं बाजूला ठेवून पाणी प्यायला उठलो.

अजून एक. “ज्या बाईबरोबर झोपलो तिच्याशी लग्न करत सुटू का?” असं आहुजा म्हणाला, हे आपण सगळेच खरं धरून चालतो. मीही इतकी वर्षं चालत होतो. पण ते ऐकलं कुणी? खोलीत दोघंच. एक मेला, दुसरा आरोपी. म्हणजे मेलेल्या माणसाच्या तोंडचं जे वाक्य सगळ्यांच्या लक्षात राहिलं, तेही मारणाऱ्यानं कोर्टात सांगितलेलं. तू चहा पिताना बोललास ते हेच ना रे?

मामी आहुजा (मामी हे तिचं नाव), त्याची बहीण, तेव्हा घरातच होती. भाऊ गेला, शहरभर त्याची छी-थू झाली, ती साक्षीला उभी राहिली. आणि पुढे राज्यपाल विजयालक्ष्मी पंडितांनी माफी दिली तेव्हा तिनं लेखी संमतीही दिली. सिनेमात तिच्या जागी आलेली प्रीती मात्र सूड घ्यायला निघालेली, नटवी. त्या बाईचं असं केलेलं मला फार लागलं. नानावटी सुटून कॅनडाला गेला, संसार टिकला, बरं झालं. मुलांना बाप मिळाला. पण मामीच्या सहीच्या त्या कागदावर कुणीतरी दहा मिनिटं कॅमेरा ठेवायला हवा होता.

दिवाळीत कोर्टाला सुट्टी लागली की चार दिवस ये. वहिनींनाही आण. निकालाची प्रिंट काढून ठेवलीय, समासात माझ्या शंका आहेत, त्या तुझ्याशिवाय कुणी सोडवू शकणार नाही. मुक्ताला पुराव्याच्या ओझ्याचा, म्हणजे काय कुणी शाबीत करायचं तो, भाग तूच समजावून सांग, मी सांगितलं तर तिला झोप येते.

आणि एक सांग, त्या दिवशी मी टाळ्या वाजवत होतो तेव्हा तू माझ्याकडे पाहिलं होतंस का?

तुझा,
अविनाश