माहितीपटाच्या करिअरचा न छापलेला हिशेब

मा. संपादक,
स.न.वि.वि.

बारावीचे निकाल लागले की करिअर पुरवण्यांत ‘सामाजिक विषयांवरचे माहितीपट’ हमखास येतात. सोबत कॅमेऱ्यांची नावं आणि पुण्याच्या एफटीआयआय नाहीतर मुंबईच्या टिस या शिक्षणसंस्थांचा पत्ता. ते हवंच, पण काम अडतं ते भलतीकडेच.

सगळ्यात आधी अडतं ते वेळेपाशी. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात ११ जुलै १९९७ रोजी पोलीस गोळीबारात दहा जण मारले गेले. तिथून सुरू झालेला आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट पूर्ण झाला २०११ मध्ये. एवढा काळ घर चालवायचं कशावर? बहुतेकांचं चालतं दुसऱ्यांच्या एडिटिंगवर, लग्नांच्या शूटिंगवर आणि संस्थांच्या फिल्मवर. संस्थेने पैसे मोजून करून घेतलेली फिल्म ही प्रसिद्धी असते. त्यात वाईट काही नाही, फक्त तिला माहितीपट म्हणू नये.

दुसरा घोळ आवाजाचा. चित्र थोडं हललं तर खपतं, आवाज गेला की मुलाखत गेली. घरात शिरल्याबरोबर पंखा बंद, फ्रिज बंद. (गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवावी, म्हणजे निघताना तो चालू करायचं राहत नाही.) कॉलर माइक पदराखाली गेला की कापड घासल्याची खरखर येते आणि ती नंतर काढता येत नाही. शेजारचा टीव्हीही विनंती करून बंद करून घ्यावा. मागे सिनेमाचं गाणं वाजत असेल तर हक्कांचा प्रश्न उभा राहतोच, शिवाय वाक्य कापलं की गाणं मध्येच उडी मारतं. मुलाखत संपली की त्याच खोलीतली तीस सेकंदांची शांतता रेकॉर्ड करावी, तुकडे जोडताना मधल्या फटी तिनेच बुजतात.

तासाभराच्या फिल्मसाठी पन्नास तासांचं फुटेज सहज जमतं. १०० एमबीपीएसने (सेकंदाला १०० मेगाबिट) तासाला ४५ जीबी, म्हणजे सव्वादोन टीबी. दुसरी प्रत धरून साडेचार. दोन्ही डिस्क एकाच बॅगेत असतील तर त्या बॅकअपला अर्थ नाही.

संमती मराठीत आणि कागदावर घ्यावी, फिल्म यूट्यूबवर जाणार असेल तर तसं स्पष्ट सांगून. लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करणं गुन्हा आहे. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही, दाराच्या रंगावरून आणि तिच्या आवाजावरूनही गाव ओळखतं.

राहिलं सेन्सॉर. सार्वजनिक प्रदर्शनाला १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागतं. २००४ च्या ‘मिफ’मध्ये, म्हणजे मुंबईच्या माहितीपट महोत्सवात, भारतीय माहितीपटांना ते सक्तीचं केलं गेलं, तेव्हा माहितीपटकारांच्या विरोधामुळे अट मागे घ्यावी लागली आणि पुढे त्यांनी ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव उभा केला. महोत्सवांना केंद्राकडून सूट मिळू शकते, राष्ट्रीय पुरस्काराला मात्र प्रमाणपत्र हवंच. त्यावरची तारीखच वर्ष ठरवते, म्हणून डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात अर्ज करून काही साधत नाही.

आपले,
काही माहितीपटकार, पुणे