संघ बदलत राहणाऱ्या खेळाडूची कारकीर्दही छापली जावी

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या क्रीडा पानावर अमेरिकन फुटबॉलपटू कर्ट वॉर्नर यांच्याविषयीचा लेख अलीकडेच वाचला. आयोवा राज्यातील एका किराणा दुकानात रात्रपाळीला फळ्यांवर माल लावणारा हा क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकून चढाई रचणारा खेळाडू, १९९५ ते १९९७ या काळात आयोवा बार्नस्टॉर्मर्स या इनडोअर संघाकडून खेळला आणि जानेवारी २००० मध्ये सेंट लुईस रॅम्सला सुपर बोल, म्हणजे मुख्य लीगचा अंतिम सामना, जिंकून देताना त्या सामन्याचा सर्वोत्तम खेळाडू ठरला, हे लेखात नेमकेपणाने आले आहे. लेखाविषयी माझी तक्रार नाही. मात्र वॉर्नर यांनी डे मॉइन शहरातील बंदिस्त मैदानात तीन हंगाम फेकलेले चेंडू ज्यांनी झेलले, त्यांचे पुढे काय झाले, हे त्यात कोठेही नाही. या झेल घेणाऱ्यांना रिसीव्हर म्हणतात, आणि त्यांच्यापैकी बहुतेकांचे खेळातले आयुष्य एका शहरातून दुसऱ्या शहरात, एका हंगामाच्या करारावरून दुसऱ्या हंगामाच्या करारावर जाण्यात संपते. अशा खेळाडूच्या कारकिर्दीवर आपल्या पानाने लिहावे, आणि कोल्हापूरच्या वाचकांसाठी तर आवर्जून लिहावे, अशी विनंती करण्यासाठी हे पत्र.

आपल्याकडे फुटबॉल म्हटले की शाहू स्टेडियमवरचा खेळच डोळ्यांसमोर येतो, म्हणून अमेरिकन फुटबॉलच्या या बंदिस्त मैदानातल्या प्रकाराची थोडी ओळख करून देतो. जिम फॉस्टर यांना त्याची कल्पना १९८१ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये सुचली, आणि तीही आपण खेळतो त्याच फुटबॉलचा इनडोअर सामना पाहताना. १९८७ मध्ये चार संघांची अरेना फुटबॉल लीग सुरू झाली. आइस हॉकीच्या मैदानावर मावेल एवढेच, म्हणजे ५० यार्ड लांब आणि ८५ फूट रुंद हे मैदान असते. खुल्या मैदानावर अकरा-अकरा खेळाडू असतात, येथे आठ-आठ. कडेला रेषेऐवजी गादी लावलेली भिंत असते आणि गोलखांबांच्या दोन्ही बाजूंना ताणलेली जाळी, जिच्यावर आपटून परत आलेला चेंडूही झेलता येतो. सध्या चालू असलेल्या इनडोअर फुटबॉल लीगमध्ये ही जाळी नसते. बाकीचा खेळ बराचसा सारखाच आहे.

अशा अरुंद जागेत रिसीव्हरचे काम काय असते, हे आयोवातच नोकरीला असलेल्या माझ्या भाच्याकडे गेलो असताना प्रत्यक्ष पाहता आले. खुल्या मैदानावरील नियमानुसार चेंडू खेळात येण्याआधी रिसीव्हरला पुढच्या दिशेने धावता येत नाही. इनडोअर खेळात ती मुभा असते, त्यामुळे चेंडू सुटतो त्या क्षणी तो पूर्ण वेगात असतो आणि काही पावलांवर भिंत उभी असते. डोळे चेंडूवर ठेवून, भिंत जवळ आल्याचे अंदाजानेच ओळखून, अंगावर येणाऱ्या बचावपटूचा धक्का सोसत झेल पूर्ण करायचा आणि पुढच्या डावासाठी लगेच उभे राहायचे, हे काम एका सामन्यात कितीतरी वेळा करावे लागते. मूळ अरेना लीगमध्ये तर २००६ पर्यंत मोजके अपवाद सोडता प्रत्येकाला चढाई आणि बचाव दोन्ही खेळावे लागत. म्हणजे आत्ता झेल घेऊन धापा टाकणारा खेळाडूच थोड्या वेळाने समोरच्या रिसीव्हरला रोखायला उभा राही. ऑर्लँडो प्रेडेटर्स आणि सॅन होजे सेबरकॅट्सकडून खेळलेले बॅरी वॅग्नर हे या दुहेरी खेळाचे सर्वांत नावाजलेले खेळाडू. ज्यांना हा खेळ मुख्य अमेरिकन फुटबॉलची किरकोळ आवृत्ती वाटतो, त्यांनी वॅग्नर यांचा एक सामना तरी पाहावा, असे मला मनापासून वाटते.

आता कारकिर्दीविषयी. एनएफएल या मुख्य लीगमध्ये दरवर्षीच्या निवडीच्या सात फेऱ्या होतात. त्यांत नाव न आलेल्या, बहुधा लहान महाविद्यालयातून आलेल्या मुलाला इनडोअर संघांच्या खुल्या चाचण्यांना जावे लागते, आणि यांतील अनेक चाचण्यांसाठी तो स्वतःच्या खिशातून प्रवेश शुल्क भरतो. निवड झाली तर वसंतापासून उन्हाळ्याच्या अखेरीपर्यंत राहण्याची सोय आणि सामन्यामागे काही रक्कम मिळते. उरलेल्या महिन्यांत तो गोदामात काम करतो, शाळेत मुलांना शिकवतो किंवा मिळेल ती नोकरी धरतो. सरावात गुडघा दुखावला, अथवा प्रशिक्षकाला दुसरा रिसीव्हर अधिक उजवा वाटला, तर हंगामाच्या मध्येच त्याला मोकळे केले जाते. मग दुसऱ्या राज्यातील एखाद्या संघाला अचानक माणूस हवा असतो आणि हा गाडीत सामान टाकून तिकडे निघतो. विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर म्हणतात तशी ही नोकरी आहे. तेथे पोहोचल्यावर नव्या संघाच्या चाली त्याने आठवडाभरात पाठ कराव्यात अशी अपेक्षा असते, आणि अनुभवी रिसीव्हर त्या करतोही.

यातही जीवघेणी गोष्ट म्हणजे ज्या लीगमध्ये तो खेळतो, ती लीगच टिकेल याची खात्री नसते. २००८ मध्ये अरेना लीगमध्ये १७ संघ होते, सामने राष्ट्रीय दूरचित्रवाणीवर दिसत होते, आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये २००९ चा संपूर्ण हंगाम रद्द झाल्याचे जाहीर झाले. तोपर्यंत ज्यांचा संसार या खेळावर चालत होता, त्या खेळाडूंना ऐन तारुण्यात दुसरा व्यवसाय शोधावा लागला. २०१० मध्ये लीग पुन्हा उभी राहिली तेव्हा खेळाडूला सामन्यामागे सुमारे ४०० डॉलर मिळत होते. २०१९ मध्ये तिने पुन्हा दिवाळखोरी जाहीर केली. २०२४ मध्ये तेच नाव घेऊन १६ संघांची लीग थाटात सुरू झाली, परंतु काही आठवड्यांतच अनेक संघ बंद पडले आणि मानधन थकल्याच्या तक्रारी पुढे आल्या. उरलेल्यांपैकी काहींनी २०२५ मध्ये अरेना फुटबॉल वन ही नवी लीग उभारली. या वर्षांत खेळलेल्या रिसीव्हरच्या नावापुढे सहा-सात संघ दिसले, तर त्याला अस्थिर स्वभावाचा ठरवू नये. तो होता तेथेच होता. संघ त्याच्या पायाखालून निघून गेले.

गुणवत्ता असली की माणूस वर जातोच, असे काही वाचक म्हणतील. ओरोंडे गॅड्सडेन हे रिसीव्हर पोर्टलंडच्या अरेना संघातून १९९८ मध्ये मायामी डॉल्फिन्स या एनएफएल संघाकडे गेले आणि तेथे स्थिरावले, हे खरे आहे. पण एडी ब्राउन यांच्याकडेही पाहावे. अरेना लीगच्या पहिल्या वीस वर्षांतील सर्वोत्तम खेळाडू म्हणून २००६ मध्ये ज्यांची निवड झाली, ते ब्राउन रिसीव्हरच होते. त्यांचे आयुष्य अल्बनी आणि पुढे इंडियाना येथील फायरबर्ड्स संघात गेले, आणि आज बहुतेक प्रेक्षक त्यांना एनएफएल गाजवणाऱ्या अँटोनियो ब्राउन यांचे वडील म्हणून ओळखतात. इनडोअर खेळात भरपूर गुण होतात, म्हणून तेथील रिसीव्हरचे आकडे फुगलेले मानून बाजूला सारले जातात. अमेरिकेतील निवडकर्त्यांची ही सवय मला अन्यायाची वाटते, कारण आकडा फुगला असे म्हटले तरी भिंतीजवळचा झेल तेवढाच कठीण राहतो.

हे सारे कोल्हापूरशी कसे जोडलेले आहे, हे आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. मंगळवार पेठ, शिवाजी पेठ आणि आसपासच्या तालमींच्या संघांत दर हंगामाला खेळाडूंची अदलाबदल होते. पाटाकडीलचा दिलबहारला गेला, बालगोपालचा खंडोबाला गेला, याची चर्चा चहाच्या टपरीवर महिनाभर चालते. नायजेरियासारख्या दूरच्या देशांतून आलेले खेळाडू एका हंगामापुरती भाड्याची खोली घेऊन आपल्यात राहतात आणि स्टेडियम दणाणून सोडतात. पुढच्या वर्षी ते कोठे आहेत, हे कोणी विचारत नाही. अनिकेत जाधव २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला तेव्हा साऱ्या शहराची मान उंचावली आणि ते योग्यच होते. मात्र त्याच मातीत, त्याच ईर्ष्येने खेळलेली, कुठल्याही मोठ्या क्लबपर्यंत न पोहोचलेली मुले संख्येने कितीतरी अधिक आहेत. क्रीडाशिक्षक म्हणून माझ्या हाताखालून गेलेल्या अशाच एका मुलाच्या गुडघ्याचा लिगामेंट ऐन हंगामात तुटला. शस्त्रक्रियेसाठी मित्रांनी वर्गणी काढली, कारण संघाशी त्याचा कोणताही लेखी करार नव्हता आणि विमाही नव्हता. तो आज एका वर्कशॉपमध्ये काम करतो आणि संध्याकाळी लहान मुलांना चेंडू थांबवायला शिकवतो.

म्हणून दोन गोष्टी सुचवतो. पहिली आपल्यासाठी: हंगाम चालू असताना दर आठवड्याला एका तरी अशा खेळाडूची संपूर्ण कारकीर्द छापावी, ज्यात तो कोणत्या संघांतून खेळला, किती मानधनावर, दुखापतीत खर्च कोणी केला आणि खेळ सुटल्यावर त्याने पोट कसे भरले, हे त्याच्या संमतीने स्पष्टपणे यावे. दुसरी गोष्ट तालमींच्या पदाधिकाऱ्यांसाठी आणि कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनसाठी: हंगामाच्या नोंदणीच्या वेळीच प्रत्येक खेळाडूशी, स्थानिक असो वा परदेशी, मराठीत किंवा त्याला समजेल त्या भाषेत लेखी करार व्हावा, आणि अपघात विम्याच्या कागदाशिवाय नोंदणी पूर्ण धरली जाऊ नये. बक्षिसांच्या रकमा आणि स्वागत कमानी यांवर होणाऱ्या खर्चाच्या मानाने विम्याचा हप्ता फार मोठा नाही. तालमींना हे अवघड वाटत असेल, तर पेठेतील आम्ही निवृत्त क्रीडाशिक्षक कराराचा मसुदा तयार करण्यास आणि नोंदणीच्या दिवशी कागदपत्रे तपासण्यास बसायला तयार आहोत. आपण या पत्रातून तसे जाहीर करावे.

आपला विश्वासू,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक
शिवाजी पेठ, कोल्हापूर