‘एक आंधळा भिकारी’ म्हणजे कोण?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत ‘लोस ओल्व्हिदादोस’ या १९५० सालच्या मेक्सिकन चित्रपटावरचा लेख वाचला. दिग्दर्शक लुईस बुन्युएल, छायालेखक गाब्रिएल फिगेरोआ, गुंड पोरं, सगळ्यांची नावं त्यात आली. पाठीवर ढोल बांधून रस्त्यात गाणारा दॉन कार्मेलो मात्र नुसताच ‘एक आंधळा भिकारी’. ते काम मेक्सिकन नट मिगेल इंक्लान यांचं आहे.

बँकेची नोकरी सांभाळून मी तीस वर्षं हौशी रंगभूमीवर खलनायकच केले. त्यामुळे मला हे जरा जास्तच लागलं असेल.

पोरं त्या म्हाताऱ्याला गाठून मारतात, त्याचा ढोल फोडतात. आपला जीव कळवळतो. मग तोच म्हातारा मेचेला, एका कोवळ्या मुलीला, मांडीवर ओढतो. काठीच्या टोकाला त्याने खिळा ठोकलेला आहे. शेवटी पोलिसांची गोळी सुटते तेव्हा म्हणतो, या सगळ्यांना जन्माआधीच मारायला हवं होतं. त्याच्यासाठी आलेलं डोळ्यांतलं पाणी आता परत कसं घ्यायचं? मी फिल्म सोसायटीत हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला, त्या रात्री घरी जेवण गेलं नाही. आमची सगळी दहशत भुवया आणि डोळे वटारण्यात. या माणसाने डोळेच बाजूला ठेवले होते!

त्याआधी १९४८ साली ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’ या चित्रपटात इंक्लान गांजेकस दॉन पिलार झाले. चोरी करताना अंथरुणाला खिळलेली, वाचा गेलेली म्हातारी बघते, म्हणून तिलाच बडवणारा. त्या प्रसंगात मला अजूनही मान फिरवावी लागते. आणि पुढच्याच वर्षी ‘सालोन मेक्सिको’मध्ये तोच राकट चेहरा घेऊन ते लुपे नावाचे पोलीस झाले. धाकट्या बहिणीच्या शाळेसाठी नाचघरात राबणाऱ्या मेर्सेदेसचं गुपित त्याला ठाऊक आहे. तो ते कुणाला सांगत नाही, तिला मारणाऱ्या पाकोला चोप देतो, तिच्याशी लग्नाला तयार आहे. चेहऱ्यावर रंग वेगळा नाही, मिशी वेगळी नाही. काय बदललं ते मी आजही शोधतो आहे.

‘आव्हेंतुरेरा’तला लंगडा रेंगो तर जवळपास बोलतच नाही. बोलतो तो त्याचा सुरा. जॉन फोर्डच्या ‘फोर्ट अपाची’तला अपाची टोळीप्रमुख कोचीसही त्यांचाच. १९५६ साली इंक्लान वारले.

कृपया दुरुस्तीच्या चौकटीत त्यांचं नाव छापावं: मिगेल इंक्लान. चौकट कोपऱ्यातली असली तरी चालेल, आम्हा मंडळींना त्याची सवय आहे.

आपला,
एक निवृत्त खलनायक, सांगली