तीस लाखांचे साडेबासष्ट

वेंगुर्ला
11 जानेवारी 2026

प्रिय दिनू,

तुझा मेसेज आणि त्यासोबतचा तो गृहकर्जाच्या कागदाचा फोटो मिळाला. मेसेजवर दोन ओळी खरडल्या असत्या तर "बरं, बघतो" म्हणून तू पुढे गेला असतास, म्हणून सरळ पत्रच लिहायला घेतलं. रविवार आहे, पतसंस्था बंद, बाजारातून बांगडे आणून झालेत. आता जेवणापर्यंत मला कोणी हाक मारणार नाही.

फ्लॅट चांगला वाटतोय. रत्नागिरीत नाचणे रोड म्हणजे वहिनींनाही शाळा जवळ पडेल. किंमत 36 लाख, त्यातले 6 लाख तुझे, 30 लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, 20 वर्षं, हप्ता 26,035. आणि खाली तू लिहिलंयस, "पगारात आरामात बसतो रे." माझ्या टेबलासमोर येणारा प्रत्येक जण पहिलं वाक्य हेच बोलतो. पगारात बसेल एवढाच तर हप्ता बेतलेला असतो! पण 26,035 ला 240 ने गुणून बघितलंस का? 62 लाख 48 हजार. म्हणजे तीस लाखांवर साडेबत्तीस लाख व्याज. तुझे 6 लाख, मुद्रांक शुल्क, नोंदणी धरली की 36 लाखांचा हा फ्लॅट सत्तरीच्या घरात जातो.

आता म्हणशील, व्याज तर लागणारच, बँक काय धर्मादाय आहे का? मान्य. पण ते व्याज कधी जातं हे बघण्यासारखं आहे. पहिल्या महिन्यात तू 26,035 भरशील, त्यातले 21,250 व्याजाचे आणि जेमतेम पावणेपाच हजार मुद्दलात. वर्षभरात 3 लाख 12 हजार भरून झाले तरी मुद्दल हललेलं असेल साठ हजाराच्या आसपास. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलेस, बँकेत 31 लाखांवर गेले, तरी शिल्लक कर्ज किती? 21 लाख. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायलाच जवळजवळ बारा वर्षं लागतात, आणि तीसचे पंधरा लाख व्हायला जवळपास चौदा. रामाचा वनवास संपतो तेव्हा तुझं निम्मं कर्ज फिटतं. यात कोणी फसवत नाही हं. व्याज दरमहा शिल्लक रकमेवर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, एवढाच हिशोब आहे. पण गिऱ्हाइकाला तो कोणी मांडून दाखवत नाही.

तुझ्या त्या एजंटाने मुदत वाढवायचं सुचवलंय, ते मात्र मला बिलकूल पटलं नाही. 30 वर्षं केली की हप्ता 23,067, म्हणजे महिन्याला तीन हजार वाचल्यासारखं वाटतं. आणि एकूण व्याज होतं 53 लाख. तीन हजारांसाठी वीस लाख जास्त! उलट 15 वर्षं केलीस तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढून 29,542 होतो आणि व्याज 23 लाखांवर येतं. कर्जाची खरी किंमत दरापेक्षा मुदतीत जास्त असते, असं माझं इतक्या वर्षांचं निरीक्षण आहे. लोक पाव टक्क्यासाठी तीन बँका पालथ्या घालतात आणि मुदतीच्या रकान्यात समोरचा माणूस जो आकडा घालील त्याखाली सही करतात.

दराचं म्हणशील तर तोही बघायला हवाच. रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, फेब्रुवारी 2025 पासून उतरत उतरत डिसेंबरात 5.25 वर आला, आणि हा गृहस्थ तुला अजून साडेआठ सांगतो. तो ज्या कंपनीचा आहे ती हाउसिंग फायनान्स कंपनी. अशा कंपन्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मूळ दराला बांधलेला असतो, तो कधी आणि किती उतरवायचा ते त्याच ठरवतात. बँकांनी ऑक्टोबर 2019 पासून दिलेली फ्लोटिंग, म्हणजे वरखाली होणाऱ्या दराची गृहकर्जं मात्र रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधावी लागतात. तेव्हा दोन बँकांत जाऊन ये. 8 टक्क्यांनी मिळालं तरी वीस वर्षांत सव्वादोन लाख वाचतात.

पण बाहेरच्या दराला बांधलेलं म्हणजे चढताना पण बांधलेलं. माझ्या चुलतभावाने 2022 च्या सुरुवातीला पावणेसात टक्क्यांनी कर्ज घेतलं, तेही तीसच लाख, वीसच वर्षं. हप्ता 22,811. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 मध्ये रेपो 4 वरून 6.5 वर गेला आणि त्याचा दर सव्वानऊ. तीस लाखांवर सव्वानऊ टक्क्यांनी महिन्याचं नुसतं व्याजच 23,125 होतं, हप्त्यापेक्षा जास्त! तोवर त्याचं थोडं मुद्दल फिटलं होतं म्हणून व्याज हप्त्याच्या आत राहिलं एवढंच, पण बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत इतकी वाढवली की नातवाला फेडावं लागलं असतं. बँकेचा मेसेज आला होता, यानं वाचला नाही. पुढे स्टेटमेंट काढलं तेव्हा मुदत बघून त्याला घामच फुटला. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं, आणि मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजसुद्धा भागत नाही. तुला असं विचारणारा मेसेज आला तर शक्य असेल तोवर हप्ता वाढव. आणि दर उतरला तर हप्ता कमी करून घेऊ नकोस, तोच चालू ठेव.

टॅक्स वाचतो म्हणून कर्ज घ्यावं, असं तुझ्या ऑफिसातले सांगतात ना? कुठल्या पद्धतीने विवरणपत्र भरतोस ते आधी बघ. राहत्या घराच्या व्याजाची 2 लाखांपर्यंतची वजावट जुन्या पद्धतीत आहे, नव्या पद्धतीत ती नाहीच. आणि तुझं पहिल्याच वर्षाचं व्याज अडीच लाखांवर जातंय. तेव्हा तो मुद्दा सोडून दे.

कागदावर मला आणखी एक ओळ दिसली, "कर्ज सुरक्षा विमा, एकरकमी 1 लाख, कर्जात समाविष्ट". यावर पेन फिरव. तो लाख कर्जात गेला की त्यालाही साडेआठ टक्के वीस वर्षं लागतात, म्हणजे लाखाच्या विम्याचे दोन लाख आठ हजार. विमा काढ, जरूर काढ, आईची आणि मुलीची जबाबदारी आहे. पण साधा मुदतीचा विमा स्वतंत्र घे आणि वर्षाला हप्ता भर. कर्ज देणाऱ्याकडूनच घ्यायला हवा असा काही नियम नाही. एजंट म्हणेल "साहेब, याशिवाय फाइल पुढे जात नाही". तेच लेखी दे म्हण, मग बघ फाइल कशी धावते.

ताबा पुढच्या दिवाळीत आहे म्हणतोस, म्हणजे इमारत अजून उभी राहतेय. तर कर्जाचे पैसे टप्प्याटप्प्याने सुटतील आणि तोवर तुझ्याकडून नुसतं व्याज घेतील, ज्याला ते प्री-ईएमआय म्हणतात. त्यातून मुद्दलाचा एक रुपया फिटत नाही, आणि इकडे घरभाडंही चालूच. पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करता येतो का ते विचार. करारनाम्याची नोंदणी होण्याआधी बिल्डरला 10 टक्क्यांहून जास्त रक्कम देऊ नकोस, कायद्यानेच त्याला ती घेता येत नाही. नोंदणी फी 1 टक्का, पण 30 हजारांच्या वर नाही. मुद्रांक शुल्कात मात्र फ्लॅट एकट्या वहिनींच्या नावावर घेतलास तर 1 टक्का सवलत आहे, 36 हजार वाचतील. वहिनी खूश होतील ते वेगळंच.

हो, पश्चिमेची गॅलरी. तू "समुद्राचा वारा येतो" लिहिलंयस. येणारच. आमच्या उभादांड्याच्या घरी तो वारा काय करतो ते तू लहानपणापासून बघतोयस. खिडकीचे गज दोन पावसाळ्यांत खपली धरतात, एसीच्या बाहेरच्या पेटीची जाळी हाताने दाबली तरी तुटते, आणि प्लास्टरखाली सळी फुगली की एके दिवशी सज्जाचा तुकडा खाली. सोसायटीचा मासिक खर्च, गच्चीवर पत्र्याची शेड घालायची वर्गणी, चार-पाच वर्षांनी बाहेरचा रंग, हे हप्त्याच्या कागदावर कुठेच नसतं आणि हप्ता भरून उरलेल्या पैशातूनच करावं लागतं. म्हणून ग्रिल आत्ताच गॅल्व्हनाइज्ड, म्हणजे जस्ताचा थर दिलेलं, नाहीतर स्टेनलेस स्टीलचं मागून घे. नंतर बदलायचं म्हणजे दुप्पट खर्च.

भाड्याने राहणं म्हणजे पैसे पाण्यात, असं तुझं जुनं मत. पण बघ, आत्ता नऊ हजार भाडं देतोयस. पहिल्या वर्षी बँकेला महिन्याला एकवीस हजार व्याज देशील, तेही परत येणार नाहीच. घर घेऊ नको असं मी म्हणत नाहीये. मुलीचं नाव शाळेत घालायचंय, दर दोन वर्षांनी सामान उचलायचा कंटाळा आलाय, स्वतःच्या भिंतीवर खिळा ठोकायची इच्छा आहे, ही कारणं पुरेशी आहेत. फक्त "भाडं वाचतं" हे कारण त्यात धरू नकोस.

आता करायचं काय. तुझा पगार वाढत जाणार आणि हप्ता तोच राहणार हे तुझं म्हणणं अगदी बरोबर आहे, तोच तुझा फायदा. पण वाढलेला पगार कशात जातो ते आपण बघितलंय, आधी बाइक, मग गाडी. दरवर्षी हप्ता 5 टक्क्यांनी वाढवत गेलास तर हेच वीस वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत फिटतं आणि अकरा लाखांहून जास्त व्याज वाचतं. पहिल्या वर्षाची वाढ म्हणजे तेराशे रुपये. तेही जमत नसेल तर वर्षाला एक हप्ता जादा भर: तीन वर्षं चार महिने आधी सुटशील, सहा लाख वाचतील.

आणि तुझ्याकडे तर काजू आहे. आई दरवर्षी मे-जूनमध्ये काजू बीचे आणि आंब्याच्या पट्टीचे पैसे तुझ्या खात्यात टाकते आणि ते गणपतीत आणि गाडीच्या सर्व्हिसिंगमध्ये कुठे जातात ते तुलाही माहीत नसतं. त्यातले एक लाख पहिलं वर्ष संपताना मुद्दलात भर, हप्ता तोच ठेव. त्या एका लाखाने शेवटचे अठरा हप्ते गळतात. अठरा! पावणेचार लाखांच्या आसपास व्याज वाचतं. तेच लाख पंधराव्या वर्षी भरलेस तर त्यात अशी जादू राहत नाही, कारण तोवर व्याज बँकेच्या खिशात गेलेलं असतं. वैयक्तिक फ्लोटिंग कर्जावर मुदतीआधी भरण्याचा दंड बँक लावू शकत नाही. मात्र पैसे भरताना अर्जावर स्पष्ट लिही, "मुदत कमी करावी, हप्ता नाही". नाही लिहिलंस तर काही ठिकाणी हप्ताच कमी करून टाकतात आणि बचतीचा मोठा भाग गेला.

आणीबाणीची रक्कम मात्र बाजूला ठेव, सहा महिन्यांचे हप्ते तरी. सगळी शिल्लक कर्जात ओतून बसलास आणि आईला अचानक दवाखान्यात न्यावं लागलं तर पर्सनल लोन घेशील, ते गृहकर्जापेक्षा कितीतरी महाग.

आमच्या आबांनी बागेवरचं सोसायटीचं कर्ज फेडून टाकलं होतं, पण सातबाऱ्यावर इतर हक्कात बोजा तसाच राहिला होता. मला तलाठ्याकडे जाऊन तो कमी करून घ्यावा लागला. तुला तेवढं पळावं लागणार नाही. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रं 30 दिवसांत परत द्यायची, त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई, असा नियम डिसेंबर 2023 पासून आहे. तरी कागद देताना यादीवर सही-शिक्क्याची पोच घे.

आता काम सांगतो. त्या एजंटाकडे की फॅक्ट स्टेटमेंट माग, ऑक्टोबर 2024 पासून ते द्यावंच लागतं. त्यात सगळ्या फी धरून होणारा वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचं पूर्ण वेळापत्रक असतं. त्याची सगळी पानं नीट फोटो काढून पाठव, मधलं पान गाळू नकोस. सही बुधवारी आहे म्हणालास, ती पुढे ढकल. ताबा दिवाळीत आहे, आठ दिवसांनी काही बिघडत नाही. मंगळवारी संध्याकाळी सातनंतर फोन कर, मी आकडे काढून बसतो.

आईला नमस्कार, वहिनींना सांग की नाव त्यांचं टाकायचं मी सुचवलंय. यंदा मोहर बरा धरलाय, फूट दिसतेय.

तुझा,
सुरेश