चाल ग्रेनर यांची, पण नाद कुणाचा?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीत 'डॉक्टर हू' या ब्रिटिश मालिकेवरचा लेख वाचला. तिच्या शीर्षकसंगीताचा विषय 'संगीतकार रॉन ग्रेनर' एवढ्यावरच आटोपला आहे. चुकीचे नाही, पण अर्धेच. ग्रेनर यांनी कागदावर चाल लिहून दिली. ऐकताना अंगावर काटा येतो तो नाद घडवला बीबीसीच्या रेडिओफोनिक वर्कशॉप या, कार्यक्रमांसाठी खास ध्वनी तयार करणाऱ्या विभागातल्या डेलिया डर्बिशायर यांनी.

साल १९६३. कळफलक दाबला की सूर निघेल असा सिंथेसायझर तिथे नव्हता. छेडलेल्या एका तारेचा आवाज आणि ऑसिलेटरचे (विजेवर सूर काढणाऱ्या यंत्राचे) सूर टेपवर घ्यायचे, टेपचा वेग कमी-जास्त करून हवा तो स्वर मिळवायचा, मग ब्लेडने तुकडा कापून पुढच्या तुकड्याला चिकटवायचा. सूर किती लांबणार हे तुकड्याच्या लांबीवर ठरायचे! अनेक आवाज एकाच टेपवर वेगवेगळे घेणारे मल्टिट्रॅक यंत्रही नव्हते, म्हणून वेगवेगळ्या टेपा एकाच क्षणी सुरू करून मिसळाव्या लागत. एकदा मेळ बसेना, तेव्हा बाई आणि त्यांचे सहायक डिक मिल्स यांनी टेपा लांबलचक कॉरिडॉरमध्ये उलगडून चुकलेला सांधा शोधला. केंब्रिजमध्ये गणित आणि संगीत शिकलेल्या बाईंना हे काम मानवले यात नवल नाही. त्याआधी डेक्का या रेकॉर्ड कंपनीने मात्र 'ध्वनिमुद्रणाला आम्ही बायका घेत नाही' म्हणून त्यांना परत पाठवले होते.

तयार संगीत ऐकून ग्रेनर यांनी 'हे मी लिहिलं?' असे विचारले आणि बाई 'बरंचसं' म्हणाल्या, असा किस्सा सांगतात. ग्रेनर दिलदार, त्यांनी सहसंगीतकार म्हणून बाईंचे नाव लावायचा आग्रह धरला. बीबीसीचा नियम आड आला: वर्कशॉपमधल्या माणसांची नावे द्यायची नाहीत, फक्त विभागाचे द्यायचे. सरकारी खात्यातल्या फायलीवर सही साहेबांची असते, तसेच हे.

१९७३ मध्ये डर्बिशायरबाईंनी बीबीसी सोडली. २००१ मध्ये त्या गेल्या. त्यांच्या मागे २६७ टेपा सापडल्या, त्या पुढे मँचेस्टर विद्यापीठाकडे गेल्या. मालिकेच्या पडद्यावर बाईंचे नाव झळकले ते २०१३ मध्ये, पन्नाशीच्या विशेष भागात.

आपल्या लेखाच्या ऑनलाइन आवृत्तीत तेवढे एक नाव घालता आले तर पाहावे.

आपला,
एक नियमित वाचक, ठाणे