ब्रुकच्या महाभारताचा लेखक कोण?

प्रति,
मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या आपल्या पुरवणीत इंग्रज दिग्दर्शक पीटर ब्रुक यांच्या 'महाभारता'वर पानभर लेख आला. लेखात दिग्दर्शक आहे, मल्लिका साराभाईंची द्रौपदी आहे, सोतिगी कुयाते या आफ्रिकी नटाचा भीष्म आहे, तोशी त्सुचितोरी यांचं संगीतही आहे. नाटक लिहिलं कोणी, तेवढं मात्र नाही. लेख दोनदा वाचला. मग चष्मा पुसून फोटोखालची बारीक ओळ वाचली. तिथेही नाही.

ते नाटक जाँ-क्लोद कारिएर यांनी लिहिलं, फ्रेंचमध्ये.

एवढ्यावरून पत्र लिहायला बसलेला हा माणूस कोण, असं आपल्याला वाटेल. मी सांगलीच्या हौशी रंगभूमीवर एकतीस वर्षं प्रॉम्प्टर होतो. विंगेत स्टूल, मांडीवर वही, हातात छोटी बॅटरी. एका नाटकाच्या स्मरणिकेत चहावाल्याचं नाव होतं, माझं नव्हतं. (चहा चांगला असायचा, त्याबद्दल तक्रार नाही.) त्यामुळे कुणाचं नाव गळलं की मला ते जरा लवकर दिसतं. कारिएर यांचं तर जन्मभर गळत आलं.

माणूस खेड्यातला. 1931 चा जन्म, दक्षिण फ्रान्समधलं कोलोंबिएर-स्युर-ओर्ब हे गाव, घरची द्राक्षशेती. 1945 मध्ये आईवडील पॅरिसजवळच्या मोंत्रय गावी कॅफे चालवायला आले आणि पोरगं शहरात शिकलं. 1957 मध्ये पहिली कादंबरी आली. पुढे जाक ताती या विनोदी नट-दिग्दर्शकाच्या चित्रपटांवरून कादंबऱ्या लिहायचं काम मिळालं. तातींनी विचारलं, चित्रपट कसा बनतो हे ठाऊक आहे का? नव्हतं. तातींनी त्याला आपल्या संकलक सुझान बारों यांच्याकडे सोपवलं. बाईंनी संकलनाच्या टेबलावर एका बाजूला पटकथा ठेवली, दुसऱ्या बाजूला फिल्मचं रीळ लावलं आणि सांगितलं की सगळा प्रश्न इथून तिथं कसं जायचं एवढाच आहे. कारिएर ही गोष्ट म्हातारपणीही सांगत. मला ती फार पटते, कारण वहीतलं वाक्य आणि नटाच्या तोंडून आलेलं वाक्य यांत किती अंतर असतं ते विंगेतून चांगलं ऐकू येतं.

पिएर एतेक्स या फ्रेंच विनोदी नट-दिग्दर्शकाबरोबर केलेल्या लघुपटाला 1963 मध्ये ऑस्कर मिळालं. त्याच वर्षी कान महोत्सवात स्पॅनिश दिग्दर्शक लुइस बुन्युएल भेटले. म्हाताऱ्याचा पहिलाच प्रश्न: तुम्ही वाइन पिता का? कारिएर म्हणाले, माझं घरच द्राक्षबागायतदारांचं. झालं, जमलं. पुढच्या चौदा वर्षांत दोघांनी मिळून सहा चित्रपट केले. लिहायला ते कधी स्पेनमध्ये, कधी मेक्सिकोत एखाद्या आडबाजूच्या हॉटेलात जाऊन राहत, बायकामुलं नाहीत, मित्र नाहीत. समोरासमोर बसून दोन हजारांवर जेवणं झाली, असा कारिएर यांचाच हिशेब. संध्याकाळी दोघे अर्धा तास वेगळे होत. एक खोलीत, एक बारमध्ये. त्या अर्ध्या तासात प्रत्येकाने एक गोष्ट रचायची आणि दुसऱ्याला सांगायची. ती चित्रपटात वापरलीच पाहिजे असं काही नाही. कल्पनाशक्ती हा स्नायू आहे, त्याला रोज व्यायाम हवा, हा त्यामागचा विचार. आमच्याकडे तालीम नटाची असते. लेखकाचीही असते हे मला या माणसामुळे कळलं.

बुन्युएल यांचं आत्मचरित्र 1982 मध्ये आलं. त्याच्या सुरुवातीलाच त्यांनी सरळ कबूल केलंय की मी काही लेखणीचा माणूस नाही, माझं सांगणं ऐकून कारिएर यांनी मला हे लिहायला मदत केली. पुस्तकभर 'मी' आहे, आणि हा 'मी' कारिएर यांच्या हातून उतरलेला आहे. दुसऱ्याच्या आवाजात इतकं मुरणं हे अर्धं नटाचं काम झालं.

आणि नट ते होतेच. बुन्युएलबरोबरच्या पहिल्याच चित्रपटात, 1964 साली, त्यांनी पाद्र्याचं काम केलं. 1970 मध्ये आपल्याच कादंबरीवरच्या चित्रपटात आना कारिना या नटीसमोर नायक झाले. पण मला आठवतात ते इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामींच्या 2010 च्या चित्रपटातले. इटलीतल्या एका गावातला चौक. पाठमोरा एक म्हातारा बायकोवर खेकसतोय असं आपल्याला वाटतं. तो वळतो तेव्हा कळतं, गडी मोबाइलवर बोलतोय. मग तो नायकाला बाजूला घेऊन बापाच्या मायेने सांगतो की तिला फार काही नकोय, नुसता तिच्या बरोबरीने चाल आणि खांद्यावर हात ठेव. दोनतीन मिनिटांचं काम, पण हा माणूस पडद्यावर अभिनय करतोय असं क्षणभरही वाटत नाही. आमच्या मंडळींना मी नेहमी सांगायचो, छोट्या भूमिकेत माणूस आधी दिसू दे, नट मागाहून दिसला तरी चालेल. ऐकायचं कोण?

आता महाभारत. 1970 च्या दशकाच्या मध्यावर फिलिप लाव्हास्तीन या संस्कृतच्या अभ्यासकाने ब्रुक आणि कारिएर यांना पॅरिसमध्ये ही कथा तोंडी सांगायला सुरुवात केली. रात्रीमागून रात्री. म्हणजे आपल्या आजोबांनी आपल्याला सांगितली तशीच, ऐकून. त्यानंतर वाचन, 1982 पासून भारताचे दौरे, खर्ड्यांवर खर्डे. जुलै 1985 मध्ये फ्रान्समधल्या आव्हिन्यो नाट्यमहोत्सवात प्रयोग झाला तेव्हा दहा वर्षं उलटली होती. नाटक नऊ तासांचं. काही खेळ रात्रभर चालत आणि पहाटेच्या उजेडात संपत. जागा होती बुलबों गावाजवळची दगडाची खाण. फ्रेंचमध्ये खाणीला म्हणतात 'कारिएर'! नाटककाराच्या आडनावाच्या जागेतच नाटक उभं राहिलं. अशी कोटी आपल्याकडे कुणी केली असती तर प्रेक्षकांनी 'पुरे' म्हटलं असतं.

मी तो प्रयोग पाहिलेला नाही. पाहिली ती 1989 मध्ये आलेली सव्वापाच तासांची चित्रित आवृत्ती, मुलाने आणलेल्या डीव्हीडीवर, दोन रात्री बसून. सुरुवातीला एक मुलगा आणि व्यास. व्यासांना लिहिणारा हवा आहे. काव्य सगळं डोक्यात रचून झालंय, कागदावर एक अक्षर नाही. मुलगा विचारतो, कशावर आहे हे? व्यास म्हणतात, तुझ्यावर. मग लेखनिक म्हणून गणपती येतो. ज्याने जन्मभर दुसऱ्यांसाठी लिहिलं त्याने आपल्या सर्वांत मोठ्या नाटकाचा पडदा लेखनिकाच्या शोधावर उघडावा, हे मला उगाच झालेलं वाटत नाही. 'धर्म' आणि 'क्षत्रिय' हे शब्द त्यांनी तसेच ठेवले, फ्रेंच प्रतिशब्दांत कोंबले नाहीत. त्याबद्दल मी त्यांना शंभरातले नव्वद देतो.

दहा कापले ते विदुरासाठी. नाटकात विदुरच नाही! द्यूतसभेत बोलणारा शहाणा माणूस वगळायचा म्हणजे काय? सांगलीत हे केलं असतं तर मध्यंतरात आजोबा लोक विंगेत शिरले असते. गीताही काही मिनिटांत आटोपते. आपल्याकडच्या अभ्यासकांनी या नाटकावर कडक टीका केली, पाश्चात्त्यांनी आपल्या सोयीचं महाभारत उचललं म्हणाले. त्यातली काही मला पटते. पण टीका करतानासुद्धा ती बहुतेक ब्रुकवरच झाली. शिव्यांतही लेखकाचा वाटा दिग्दर्शकानेच नेला.

बाकीची यादी देत नाही, लांबेल. वायदा, श्लोंडॉर्फ, फोरमन, राप्नो, या सगळ्या दिग्दर्शकांसाठी कारिएर यांनी पटकथा लिहिल्या. फ्रान्सची राष्ट्रीय चित्रपटशाळा 1986 मध्ये नव्याने सुरू झाली तेव्हा तिचं अध्यक्षपद सांभाळलं. नोव्हेंबर 2014 मध्ये सन्माननीय ऑस्कर मिळालं आणि 2015 मध्ये आपल्या सरकारने पद्मश्री दिली. 8 फेब्रुवारी 2021 रोजी, वयाच्या एकोणनव्वदाव्या वर्षी, पॅरिसमध्ये ते गेले. दफन मात्र जन्मगावी, कोलोंबिएरला.

चित्रीकरण संपलं की पटकथेच्या प्रती कचऱ्याच्या टोपलीत सापडतात, असं कारिएर म्हणत. त्याचं त्यांना दुःख नव्हतं. सुरवंटाचं फुलपाखरू झाल्यावर सुरवंट कुठे राहतो, हा त्यांचाच दाखला. माझ्या प्रॉम्प्टिंगच्या वह्या घर रंगवताना रद्दीत गेल्या. मलाही फार वाईट वाटलं नाही. पण वही रद्दीत जाणं वेगळं आणि नाव जाणं वेगळं.

तरी पुढच्या रविवारी दुरुस्ती छापावी ही विनंती. एक ओळ पुरे. जागा कमी पडली तर माझं हे पत्र हवं तिथे कापा, विदुराचा परिच्छेदही कापा. नाव तेवढं पूर्ण छापा.

आपला,
एक निवृत्त प्रॉम्प्टर
सांगली